बुटांचे तळ

फाटकाशी माझी खुर्ची, तारेचा ब्रश
आणि मिठाच्या पाण्याचं घमेलं.
आयसेनच्या पावसात बारा वर्षं झाली,
मी माणसांना एक पाय वर करायला सांगतो.
माणसं हसतात, घोड्याला नाल ठोकावी तशी
माझ्या मांडीवर टाच टेकवतात.

खाचांतून काय काय निघतं.
परक्या बागेतलं गवत, क्लोव्हरचं तीळभर बी.
एकदा काळी वाळू निघाली, आणि ती झटकताना
त्या बाईचा चेहरा असा उतरला
की मी ती कागदाच्या पुडीत बांधून परत दिली.

मी शाळेत होतो तेव्हा बर्फ त्या खडकाला टेकलेला.
पहाटे त्याचं मोडणं घरात ऐकू यायचं.
आई म्हणायची, म्हातारा कूस बदलतोय, झोप.
आता खडकापासून त्याच्यापर्यंत दीड तासाची चाल,
आणि त्या दीड तासात जंगलाची अख्खी हयात
पायाखालून उलटी जाते:
आधी कोइग्वे, शेवाळाने दाढ्या वाढवलेले,
आत कुठेतरी चुकाओ पक्षी.
उजवीकडून ओरडला तर चांगलं, डावीकडून तर माघारी फिरावं.
मला पगार आहे, मी जातोच.
मग नोत्रोची लाल झुडपं. मग नाल्का, छत्रीएवढ्या पानांची;
देठ सोलून मिठाशी खावेत, दात आंबतात.
मग जमिनीलगत सैतानाची स्ट्रॉबेरी,
जिला स्ट्रॉबेरीची चव नाही
आणि सैतानाशीही काही देणंघेणं नाही.
मग राखाडी शेवाळाच्या गाद्या.
मग नुसते दगड, ओले,
नुकत्या जन्मलेल्या पोराच्या टाळूसारखे.
मग पाणी.
मग तो.

वाल्दिव्हियाहून दर मार्चमध्ये यानिरा येते,
मीटरभराची लाकडी चौकट दगडांवर ठेवते
आणि गुडघ्यांवर बसून मोजते.
सैतानाच्या स्ट्रॉबेरीच्या देठात म्हणे
निळसर जीवांचं बिऱ्हाड असतं,
ते हवेतलं खत खाली उतरवतात, भाडं म्हणून.
"दगडावर पहिली चूल तीच मांडते, सोफानोर."
भाडेकरू चांगले मिळाले तर घर उभं राहतं, मी म्हणालो.

यंदा सातव्या चौकटीत एक पान होतं.
बोटं पसरलेल्या तळहातासारखं,
मधोमध पावसाचा थेंब, न सांडलेला.
तिने विचारायच्या आधीच मी ओळखलं.
ल्युपिन.
आमच्या अंगणात आहे की, जांभळं, गुलाबी.
आईने कुणा जर्मन बाईकडून डझनभर अंडी देऊन बी आणलेलं.
फेब्रुवारीच्या उन्हात शेंगा टिचकी मारल्यासारख्या तडकतात,
बी खिडकीवर आपटतं, दाराशी पडतं.
दाराशी माझे बूट असतात.

बारा वर्षं जगाचे तळ घासले.
खुर्चीपर्यंत मी मात्र
घरामागच्या वाटेने येतो.

यानिरा काही बोलली नाही. वहीत लिहिलं: एक.
"उपटू?"
"मुळासकट."
मुळांवर बारीक गाठी होत्या, ज्वारीच्या दाण्याएवढ्या.
"यातही तेच बिऱ्हाड?"
"दुसरं. काम तेच."
"मग?"
तिने चष्मा पुसला, पुन्हा पुसला.
"याला घाई फार. दुसऱ्याला जागाच ठेवत नाही."
थेंब केव्हा सांडला, कळलं नाही.

संध्याकाळी आई अंगणात बसलेली,
वाळलेल्या दांड्यांकडे पाठ करून.
मी खिशातून ते रोप काढून दाखवलं.
तिने ते उन्हाकडे धरलं, वास घेतला,
आणि मग, अठ्ठ्याऐंशी वर्षांची ही बाई,
गंभीर चेहऱ्याने तिने एक पाय वर केला.

मी खरंच ब्रश काढला.
खाचेत तीन बिया, ठिपक्याठिपक्यांच्या.
"बघ रे," ती म्हणाली,
"कुठल्या गावच्या आहेत?"